दोन टाक्यांचा घरगुती बायोगॅस संच, ‘अवायवीय’ या विशेषणाच्या कसोटीवर

घरगुती बायोगॅस संचांची माहितीपत्रके चाळली की एकाच गोष्टीसाठी चार विशेषणे भेटतात: अवायवीय, हवाबंद, निर्वात आणि अलीकडे ‘एअरलेस’. चारही एकाच अर्थाची समजून वापरलेली असतात. ती तशी नाहीत, आणि हा फरक भाषेपुरता राहत नाही. झाकण किती घट्ट हवे, कोणती जोडणी गळली तर फक्त नुकसान आणि कोणती गळली तर धोका, पंप लागतो की नाही, या सगळ्याचा निकाल त्या विशेषणाच्या अर्थावर लागतो. म्हणून इथे शब्द आणि संच दोन्ही एकत्रच तपासले आहेत.

आधी शब्द. ‘निर्वात’ म्हणजे जिथे कोणताही वायू उरलेला नाही अशी पोकळी. पंपाने हवा ओढून काढावी तेव्हा ती तयार होते. ‘हवाबंद’ हे भांड्याचे विशेषण आहे. बिस्किटांचा डबा हवाबंद असतो, पण त्याच्या आत हवा भरपूर असते. ‘अवायवीय’ हे भांड्याचे विशेषण नाहीच. ते भांड्यात चालणाऱ्या जीवनक्रियेचे आहे: मुक्त ऑक्सिजन नसताना चालणारी क्रिया. शाळेच्या विज्ञानात ‘विनॉक्सिश्वसन’ शिकवतात तो शब्द अधिक नेमका, कारण तिथे नसतो तो फक्त ऑक्सिजन. मिथेन, कार्बन डायऑक्साइड, नायट्रोजन हे वायू खुशाल असू शकतात. लुई पाश्चर यांनी 1861 साली हवेशिवाय जगणारे जीवाणू दाखवले आणि 1863 साली त्यांच्यासाठी ग्रीक मुळांवरून शब्द घडवला, त्यात ‘नाही’, ‘हवा’ आणि ‘जीवन’ असे तीन तुकडे होते. मराठीत ‘अवायवीय’ म्हटले की त्यातले ‘जीवन’ गळून पडते, ‘अवायुजीवी’ म्हटले की ते टिकते. संच विकणाऱ्याने हा तिसरा तुकडा लक्षात ठेवला असता तर बरे झाले असते, कारण टाकीत जे काही घडते ते सजीवांकडून घडते.

सांडपाणी प्रक्रियेतले अभियंते आणखी एक भेद पाळतात. मुक्त ऑक्सिजन नाही पण नायट्रेटच्या रूपात बांधलेला आहे, अशा टाकीला ते ‘अनॉक्सिक’ म्हणतात. दोन्ही नसतील तेव्हाच ‘अनएरोबिक’, म्हणजे अवायवीय. घरगुती संचाला हा भेद फारसा लागत नाही. ‘एअरलेस’ हा शब्द मात्र इथे पूर्ण चुकीचा आहे. रंगकामातले एअरलेस मशीन म्हणजे दाबाखालच्या हवेऐवजी पंपाच्या दाबाने रंग फवारणारे, एअरलेस टायर म्हणजे आत हवेचा दाब नसलेले. बायोगॅसच्या संचावर हा शब्द छापलेला दिसला तर विक्रेत्याला त्याचा अर्थ विचारावा. उत्तरात ‘व्हॅक्यूम टेक्नॉलॉजी’ आली तर सौदा तिथेच थांबवावा. या कामाला व्हॅक्यूम लागत नाही.

का लागत नाही? बादलीभर काल्यासोबत, म्हणजे पाण्यात कालवलेल्या कचऱ्यासोबत, थोडी हवा टाकीत जातेच. पाण्यात विरघळलेला ऑक्सिजन आणि अडकलेले बुडबुडे, इतकेच. टाकीत असे असंख्य जीवाणू असतात की जे ऑक्सिजन असला तर वापरतात आणि नसला तरी जगतात. ते ही हवा थोड्याच वेळात खाऊन टाकतात. त्यांच्या आडोशाला मिथेन तयार करणारे आर्किया नावाचे सूक्ष्मजीव सुरक्षित राहतात, ज्यांना ऑक्सिजन खरोखर सोसत नाही. म्हणजे हवा काढण्याचे काम टाकीतलेच सजीव करतात. संचाने करायचे ते एवढेच: नवी हवा सतत येऊ द्यायची नाही आणि तयार झालेला वायू अशा जागी साठवायचा की तिथे हवा मिसळणार नाही.

परीक्षणासाठी घेतलेला नमुना दोन टाक्यांचा आहे. खाली 1000 लिटरची प्लास्टिकची पाचक टाकी, वरचा भाग कापलेली. तिच्यात उपडी तरंगणारी 750 लिटरची टाकी, म्हणजे वायूचा ड्रम. पुण्याच्या ‘आरती’ या ग्रामीण तंत्रज्ञानाच्या संस्थेत, डॉ. आनंद कर्वे यांच्या पुढाकाराने, ही रचना स्वयंपाकघरातल्या कचऱ्यासाठी बसवली गेली आणि 2006 साली तिला शाश्वत ऊर्जेसाठी दिला जाणारा ब्रिटनमधला अ‍ॅश्डेन पुरस्कार मिळाला. कर्वे यांचा मुद्दा साधा होता: शेण म्हणजे गाईने ऊर्जा काढून घेतलेले अन्न, मग जीवाणूंना थेट पिठूळ आणि गोड अन्नच का देऊ नये? आज याच धर्तीचे संच अनेक जण बनवतात आणि दर्जा बनवणाऱ्यागणिक बदलतो. मुंबईला हा विषय नवा नाही. 1897 सालीच माटुंग्याच्या कुष्ठरोग्यांच्या वसतिगृहात मैल्यापासूनचा वायू गोळा करून वापरला जात होता.

रचनेचा सर्वांत मोठा गुण म्हणजे ड्रम स्वतःच्या वजनाने वायूवर कायम दाब ठेवतो. ड्रम मोकळा तरंगत असेपर्यंत आतला दाब बाहेरच्यापेक्षा नेहमी जास्त, त्यामुळे जोडणी गळली तरी वायू बाहेर जातो, हवा आत येत नाही. बंदिस्ती रबरी वॉशरवर अवलंबून नाही. ड्रमची कड काल्यात बुडालेली असते, तोच पाण्याचा पडदा. वायू फार झाला की ड्रम वर येतो आणि जादा वायू कडेखालून बुडबुडत निघून जातो. वेगळा सुरक्षा व्हॉल्व्ह लागत नाही. पूर्वीच्या लोखंडी ड्रमची गंजून भोके पडण्याची तक्रार प्लास्टिकमुळे संपली.

उणीवही याच रचनेत आहे. खालच्या टाकीचा आतला व्यास 105 सेंमी आणि ड्रमचा 97 सेंमी धरला तर भोवतीचे उघडे कडे एकूण पृष्ठभागाच्या सुमारे 15 टक्के होते. त्या कड्याखाली तयार होणारा वायू हवेत जातो, वास येतो, काला वाळून साय धरते, डास होतात. कड्यातली फट जितकी कमी तितका संच चांगला. 3 सेंमीपेक्षा जास्त फट ठेवणारा बनवणारा टाकीचे माप न जुळवता मिळेल ती टाकी वापरतो असे समजावे. यावर खरा उपाय म्हणजे पाण्याचे कडे असलेला नमुना: ड्रम काल्यात न तरंगता भोवतीच्या वेगळ्या स्वच्छ पाण्याच्या कड्यात तरंगतो. महाग पडतो, पण वास जवळजवळ नाहीसा होतो. शेजाऱ्याची खिडकी 5 मीटरच्या आत असेल तर हाच घ्यावा. त्या स्वच्छ पाण्यात मात्र डेंग्यूचे डास वाढू शकतात, म्हणून बारीक जाळी किंवा पाण्यावर तेलाचा पातळ थर लागतोच.

वायू किती मिळतो

इथे माहितीपत्रके सर्वांत जास्त फुगवतात, म्हणून हिशेब मांडतो. भाजीची देठे आणि फळांच्या साली यांत पाणीच 85 ते 90 टक्के असते. त्यांच्या 1 किलोतून साधारण 60 ते 70 लिटर वायू मिळतो. शिजलेल्या भातात घन भाग तिसऱ्या हिश्श्याच्या आसपास, म्हणून किलोला 200 लिटरपर्यंत. तुलनेने 1 घनमीटर वायूसाठी ताजे शेण सुमारे 25 किलो लागते, म्हणजे किलोला 40 लिटर. दोन भाग देठ-साली आणि एक भाग खरकटे असा 3 किलो कचरा रोज टाकला तर 300 लिटर वायू धरावा.

300 लिटर म्हणजे काय? 1 घनमीटर बायोगॅस सुमारे 0.43 ते 0.45 किलो एलपीजीची जागा घेतो, म्हणजे हा साठा 130 ग्रॅम एलपीजीइतका. चांगल्या शेगडीवर त्यात 10 ते 11 लिटर पाणी उकळीला येते, किंवा लहान बर्नर तासभर चालतो. वर्षाला 47-48 किलो, म्हणजे 14.2 किलोचे तीन सिलिंडर आणि चौथ्याचा थोडा भाग. आजच्या सिलिंडरच्या भावाने गुणून संचाच्या किमतीशी ताडून पाहावे. ‘सिलिंडर कायमचा बंद’ असे सांगणाऱ्याला फक्त एक प्रश्न विचारावा: रोज किती किलो कचरा धरून?

कारण कळीचा मुद्दा तोच आहे. चौघांच्या घरात ओला कचरा जेमतेम किलो-सव्वा किलो निघतो. त्यावर 20-25 मिनिटे शेगडी. संच पूर्ण क्षमतेने चालवायचा तर शेजारच्या दोन घरांचा कचरा, एखाद्या खानावळीचे खरकटे किंवा गिरणीतले सांडलेले पीठ असे काहीतरी ठरलेले हवे. पीठ तर उत्तमच, किलोला 600 लिटरपर्यंत वायू देते. पण त्याचाच धोका पुढे सांगितला आहे.

बसवताना

पहिला प्रश्न वजनाचा, आणि तो बहुतेक ठिकाणी विचारलाच जात नाही. भरलेल्या टाकीत 850 लिटरच्या आसपास काला, म्हणजे ड्रम आणि त्यावरची वजने धरून 900 किलोच्या वर भार, तोही एक चौरस मीटरहून कमी जागेवर. राहत्या इमारतीची गच्ची दर चौरस मीटरला 150 ते 200 किलो वरकड भारासाठी आखलेली असते. स्लॅबच्या मधोमध ही टाकी ठेवणे चुकीचे. तुळई किंवा खांबाच्या डोक्यावर, तेही बांधकामाच्या अभियंत्याला दाखवूनच. जमिनीवर जागा असेल तर जमीनच बरी.

टाकीला दिवसभर ऊन हवे. जीवाणू 35 अंशांच्या आसपास सर्वांत जोमाने काम करतात. काला 20 अंशांच्या खाली गेला की वायू निम्म्यावर येतो. पुणे-नाशिककडच्या डिसेंबर-जानेवारीत हे हमखास होते. तेव्हा खाद्यही निम्मे करायचे, नाहीतर न पचलेले अन्न साचते. काळी टाकी घ्यावी, रात्री भोवती पोते किंवा थर्माकोल बांधावे, काला कोमट पाण्यात कालवावा. कोकणात थंडीचा त्रास नाही, पण पावसाळ्यात उघड्या कड्यातून पाणी भरते, काला पातळ होऊन जीवाणू ओसंडून वाहून जातात. वर पारदर्शक पत्र्याची पडवी काढावी. विदर्भात एप्रिल-मेच्या दुपारी उलटे, सावलीचे कापड लागते.

आत येणारा पाइप 3 इंची असावा आणि त्याचे तोंड टाकीच्या तळापासून 25-30 सेंमीवर, म्हणजे काल्याच्या पातळीच्या बरेच खाली उघडावे. हा पाइप आखूड ठेवलेले संच बाजारात आहेत. त्यांत वायू पाइपातून वर येतो आणि टाकलेले खाद्य न पचता वरच्या वर बाहेर जाते. बाहेर पडणारा पाइप समोरच्या बाजूला, वरच्या पातळीवर.

जोडण्यांबद्दल एक गोष्ट ठासून सांगायला हवी. या टाक्या पॉलिथिनच्या असतात आणि पॉलिथिनला एम-सील, पीव्हीसी सोल्यूशन, अराल्डाइट यांपैकी काहीही कायमचे चिकटत नाही. दोन महिने टिकते, मग सुटते. रबरी वॉशरचा टँक निपल दोन्ही बाजूंनी आवळलेला किंवा उष्णतेने वितळवून जोडलेला सांधा, एवढेच चालते. संच घ्यायला गेल्यावर ड्रमच्या माथ्यावरची वायूची जोडणी पाहावी. तिच्याभोवती पांढऱ्या-करड्या पुट्टीचा गोळा दिसला तर तो संच नको.

गळती तपासायला साबणाचे पाणी आहेच. पण खरी परीक्षा रात्रभराची: कॉक बंद करून ड्रमच्या उंचीवर खडूची खूण करावी आणि दुसऱ्या दिवशी त्याच वेळी पाहावे. पहाटे पाहू नये. वायू थंड होऊन आकसतो, 10 अंशांच्या घसरणीला 3 टक्क्यांहून अधिक, आणि गळती नसताना गळती वाटते.

विरजण आणि पहिले तीन महिने

सुरुवात विरजणाने होते. 150 ते 200 किलो ताजे शेण समप्रमाणात पाण्यात कालवून, काडीकचरा गाळून टाकीत ओतायचे आणि उरलेली जागा पाण्याने भरायची. नळाच्या पाण्याला क्लोरीनचा वास असेल तर ते एक दिवस उघडे ठेवावे. चालू संचातला 50-100 लिटर काला मिळाला तर त्यासारखे विरजण नाही. उन्हाळ्यात 10 ते 20 दिवसांत ड्रम उचलतो, हिवाळ्यात महिनाही लागतो.

पहिला भरलेला ड्रम पेटवू नये. त्यात सुरुवातीला अडकलेली हवा असते, आणि हवेत मिथेन 5 ते 15 टक्के असला की मिश्रण स्फोटक होते. अख्ख्या संचाच्या आयुष्यात हवेची खरी भीती या दिवसांत असते. पहिले दोन ड्रम मोकळ्या हवेत, आगीपासून दूर सोडून द्यावेत. तिसऱ्यापासून शेगडीवर चाचणी घ्यावी, टाकीजवळ काडी कधीही ओढू नये.

ज्योत स्थिर झाली की खरकटे सुरू करावे: रोज 200 ग्रॅम, दर आठवड्याला तेवढीच वाढ. 2 किलोला पोचायला अडीच महिने लागतात आणि ते लागू द्यावेत. सर्वांत जास्त संच बंद पडतात ते या उतावळेपणामुळे. कचरा मिक्सरमधून काढून किंवा बारीक चिरून, जेवढा कचरा तेवढे ते दुप्पट पाणी घालून आंबोणासारखा कालवावा. निम्मे पाणी बाहेर पडलेल्या काल्याचेच वापरले तर पाणी वाचते आणि जीवाणू परत जातात. सगळेच तेच वापरले तर मीठ आणि अमोनिया साचतात.

1000 लिटरच्या टाकीला मिश्र कचऱ्याची सुरक्षित मर्यादा रोज 5 किलो समजावी. पीठ असेल तर 1 किलोच्या वर जाऊ नये. लग्नकार्यानंतरचे 15 किलो अन्न एका दिवसात ओतणे म्हणजे संच आंबवणे.

हे आंबणे समजून घेतले पाहिजे, कारण दुरुस्तीच्या बहुतेक तक्रारींचे मूळ तिथे असते. टाकीत दोन टोळ्या काम करतात. पहिली पिष्ट आणि साखर मोडून आम्ले बनवते, ती वेगवान आहे, काही तासांत काम उरकते. दुसरी त्या आम्लांपासून मिथेन बनवते, ती मंद आहे, तिची संख्या दुप्पट व्हायला कित्येक दिवस लागतात. जास्त अन्न पडले की पहिली टोळी आम्लांचा ढीग लावते, पीएच उतरतो, आणि 6.5 च्या खाली दुसरी टोळी जवळजवळ थांबते. आम्ल खाणारे कोणी नाही म्हणून पीएच आणखी उतरतो. ओळख अशी: ड्रम वर येतो पण ज्योत धरत नाही, कारण वायूत कार्बन डायऑक्साइड वाढलेला असतो. बाहेर पडणाऱ्या काल्याला सडक्या अंड्याऐवजी आंबट, ओकारीसारखा वास येतो. सडक्या अंड्याचा वास हायड्रोजन सल्फाइडचा, तो थोडाफार नेहमीच असणार आणि त्याने घाबरू नये.

पीएचच्या पट्टीवर 6.8 ते 7.4 हवे. खाली गेले तर खाद्य पूर्ण बंद, पाच ते सात दिवस. त्यानेच निम्मी प्रकरणे सुधारतात. तरी पीएच 6.5 च्या खालीच राहिला तर अर्धा किलो खाण्याचा सोडा बादलीभर पाण्यात विरघळवून घालावा, दोन दिवस थांबावे, पुन्हा मोजावे, लागला तरच परत. शेण किंवा चालू संचातला काला 20-30 लिटर घातला तर वेग येतो. चुन्याची निवळी स्वस्त पडते म्हणून सुचवतात, पण चुना कार्बन डायऑक्साइड शोषून घेतो, ड्रम अचानक खाली बसतो आणि तळाला चुनखडीचा गाळ जमतो. घरगुती टाकीला सोडाच बरा.

काय घालू नये: लिंबू-संत्र्यांच्या साली एका वेळी भरपूर, कांद्याची वाळकी टरफले, अंड्यांची कवचे, हाडे, नारळाची शेंडी आणि करवंटी, लोणच्याचा खार, तळणीचे वाटीभराहून जास्त तेल. साबणाचे, फिनाइलचे पाणी तर नाहीच. कवचे आणि वाळू विषारी नाहीत पण तळाला बसतात आणि काही वर्षांनी टाकीची निम्मी जागा खाऊन टाकतात. ड्रम रोज एकदा हाताने गोल फिरवावा, साय मोडते आणि ड्रम तिरका होत नाही. अडकलेला ड्रम हे या रचनेत हवा आत येण्याचे एकमेव खरे कारण आहे: ड्रम कड्यात अडकून खाली येत नसेल आणि वरून वायू ओढला जात असेल तर आत दाब घटतो आणि सैल जोडणीतून हवा शिरते. वायू संपायच्या आधी शेगडी बंद करावी, आणि ड्रम उचलून पाहण्याचा मोह टाळावा.

दाब, पाइप, शेगडी

मंद ज्योतीची तक्रार बहुतेक वेळा वजनाने सुटते. रिकाम्या ड्रमचे वजन 18-20 किलो, क्षेत्रफळ पाऊण चौरस मीटर, म्हणजे दाब फक्त अडीच सेंटिमीटर पाण्याइतका. बायोगॅसच्या शेगडीला 8 सेंमीच्या आसपास लागतो. दर सेंटिमीटरला साडेसात किलो, म्हणजे ड्रमवर आणखी 40 किलो ठेवायचे: 3 किलोच्या तेरा-चौदा विटा, माथ्यावर समान पसरून, मधोमध ढीग न करता. अडीचवरून आठवर गेले की ज्योत पावणेदोन पटीने मोठी होते. 10 सेंमीच्या वर जाऊ नये. ड्रम पूर्ण वर असताना कड जितकी बुडालेली तितकाच दाब पडदा सहन करतो.

इतक्या कमी दाबाला बारीक नळी चालत नाही. 10 मीटरच्या पुढे 1 इंची पाइप घ्यावा. वायू ओला असतो, पाइपात पाणी ठिबकते आणि सखल जागी साचून ज्योत उड्या मारू लागते. पाइपाला सतत उतार द्यावा आणि सर्वांत खालच्या जागी 20-25 सेंमी खोल यू आकाराचा पाणसापळा. शेगडीच्या अलीकडे पाइपात तांब्याच्या बारीक जाळीची गुंडाळी बसवावी, ज्योत मागे सरकली तर ती तिथे विझते. ही जाळी संचासोबत आहे का हे आधी विचारून घ्यावे.

हायड्रोजन सल्फाइड पितळी कॉक आणि बर्नर खातो. 3 इंची, दीड फूट लांब पाइपात लेथवरचा गंजलेला लोखंडी बुरा ओलसर भरून वायू त्यातून न्यावा. बुरा काळा पडला की बाहेर काढून मोकळ्यावर पातळ पसरावा आणि पाणी शिंपडावे. हवा लागताच तो पुन्हा गंजतो आणि तापतो, म्हणून प्लास्टिकच्या घमेल्यात ढीग करून ठेवू नये.

शेगडी भारतीय मानक 8749 ची घ्यावी. घरातली एलपीजी शेगडी बदलून वापरायची तर जेटचे छिद्र पावणेदोन ते दोन मिमीपर्यंत मोठे करावे लागते आणि हवेची खिडकी बरीच बंद करावी लागते, कारण एक घनमीटर बायोगॅसला पूर्ण जळायला पाच-सहा घनमीटर हवा पुरते, एलपीजीला तिच्या चौपटीहून जास्त. ज्योत बर्नर सोडून उचलत असेल तर हवा किंवा दाब जास्त, पिवळी आणि काजळी धरणारी असेल तर हवा कमी. अशी बदललेली शेगडी पुन्हा सिलिंडरला कधीही जोडू नये.

पर्याय

कापडी-प्लास्टिक पिशवीचे ‘बलून’ संच स्वस्त आणि उचलायला सोपे. काल्याचा पृष्ठभाग पूर्ण बंदिस्त असल्याने वास नाही. पण दाब जवळजवळ नसतो, म्हणून बहुतेक जण छोटा पंप देतात, आणि तो वायू ओढतो तेव्हा पिशवीतला दाब बाहेरच्यापेक्षा खाली जाऊ शकतो. एक भोक पडले की हवा आत. घ्यायचाच असेल तर दाब घटताच पंप बंद करणारा स्विच आहे का ते पाहावे, पिशवी उन्हात ठिसूळ होते आणि उंदीर कुरतडतात हे धरून चालावे.

सोसायटी किंवा वसतिगृहाला दोन टाक्यांचा हा संच पुरत नाही. तिथे भाभा अणुसंशोधन केंद्रात डॉ. शरद काळे यांनी विकसित केलेल्या ‘निसर्गऋण’ पद्धतीकडे पाहावे. तिच्यात कचरा आधी हवेशीर, गरम पाण्याच्या टाकीत मोडतात आणि मग अवायवीय टाकीत सोडतात. वायुजीवी आणि अवायुजीवी ही दोन कामे दोन खोल्यांत केल्याने आंबण्याचा प्रश्न पुष्कळ हलका होतो. मोठ्या किंवा जमिनीखालच्या कोणत्याही टाकीत मात्र साफसफाईसाठी माणूस उतरवू नये. तिथे ऑक्सिजन नसतो हाच ‘अवायवीय’चा अर्थ, आणि हायड्रोजन सल्फाइड जास्त झाला की त्याचा वासही येईनासा होतो.

कोणी घ्यावा

रोज 2 ते 4 किलो ओला कचरा नक्की मिळणारे घर, छोटी खानावळ, गोठा असलेले शेतघर, अंगणाची शाळा: जरूर घ्यावा. चौघांच्या फ्लॅटने फक्त सिलिंडर वाचवायला घेऊ नये. कचरा घरच्या घरी जिरवणे आणि कुंड्यांना खत हा हेतू असेल तर तिथेही संच चांगला आहे. बाहेर पडणारा काला तिप्पट पाण्यात मिसळून झाडांना द्यावा किंवा कंपोस्टच्या ढिगावर ओतावा. पानांवर आणि कच्च्या खायच्या भाज्यांवर नको.

खरेदीच्या दिवशी बरोबर न्यायच्या गोष्टी तीन: मोजपट्टी, कड्याची फट आणि आतल्या पाइपाची लांबी मोजायला; साबणाचे पाणी; आणि पीएचच्या पट्ट्या. बनवणाऱ्याकडे सहा महिन्यांपेक्षा जुना, चालू असलेला संच दाखवायची मागणी करावी, त्याच्या बाहेर पडणाऱ्या काल्यात पट्टी बुडवावी आणि शेगडी पेटवायला सांगावी.